‘मशीनवर घातलंय’ म्हणजे नेमकं कशावर?

“आण्णास्नी मशीनवर घातलंय.” आयसीयूच्या दाराबाहेरून मुलगा फोनवर एवढंच सांगतो आणि तिकडं गारगोटीला रडारड सुरू होते. संध्याकाळी जीपभर माणसं येतात, एकेक करून आत सोडली जातात. बघतात तर आण्णा मास्कच्या आडून मला, आयसीयूतल्या नर्सला, खुणा करतायत, पाणी दे म्हणून.

आण्णा बायपॅपवर होते, म्हणजे मास्कमधून श्वासाला आधार देणाऱ्या मशीनवर. गावाला वाटलं, व्हेंटिलेटरवर.

नावांची गल्लत कोल्हापूरला नवी नाही म्हणा. रिक्षावाल्याला ‘सीपीआर’ सांगितलं की तो दसरा चौकाजवळच्या छत्रपती प्रमिलाराजे रुग्णालयात नेतो. आयसीयूत ‘सीपीआर’ अशी हाक आली की हृदय थांबलेल्या पेशंटची छाती दाबायला धावायचं असतं. पण बायपॅप आणि व्हेंटिलेटरच्या गल्लतीत माणसं उगाच खचतात, किंवा उगाच निर्धास्त होतात.

मशीनकडं बघून काही कळणार नाही. दोन्हींना पडदा, दोन्हींवर रेषा, दोन्ही वाजतात; शिवाय आयसीयूतला व्हेंटिलेटर बऱ्याचदा मास्क लावूनही चालवता येतो. पेशंटच्या तोंडाकडं बघा. घट्ट मास्क असेल तर बायपॅपसारखा आधार, घशात नळी असेल तर आपण ज्याला व्हेंटिलेटर म्हणतो तो.

बायपॅपवर श्वास पेशंटच घेतो. मशीन हवा दोन दाबांनी देतं, आत घेताना जास्त, सोडताना कमी. जन्मभर चुलीच्या धुरात भाकऱ्या थापलेल्या, विडीला कधी हातही न लावलेल्या आज्या सीओपीडीने, म्हणजे श्वासनळ्या आकसण्याच्या जुनाट आजाराने, दमून येतात, रक्तात कार्बन डायऑक्साइड साठलेला असतो, त्यांना हा मास्क फार उपयोगी पडतो. हृदय कमजोर होऊन फुफ्फुसात पाणी भरलं तरी लावतात. मुख्य अट: पेशंट बऱ्यापैकी शुद्धीवर हवा, स्वतः खोकायला हवा.

त्यामुळे मास्कच्या पेशंटपाशी माझं निम्मं काम समजूत काढण्याचं. तोंडावर वारं येतं, जीव घुसमटतो, आजी मास्क ओढून काढतात. मग हात धरून सांगायचं, “मशीनशी भांडू नका, त्याच्या वाऱ्याबरोबर श्वास घ्या.” पट्टा सैल झाला तर हवा गळते, आवळला तर नाकाच्या दांडीवर जखम होते, म्हणून तिथं आधीच पट्टी लावते. पोटात हवा भरते. मास्कमध्ये उलटी झाली तर ती श्वासात जायची भीती. नातेवाईक ताकदीसाठी डब्यात पांढरा रस्सा आणतात; प्रेम कळतं, पण डॉक्टरांनी मास्क काढून खायला परवानगी दिल्याशिवाय चमचाभरही नाही. आणि “आत्ता कुठं शांत झोपल्या बघा” असं लेक म्हणते, तेव्हा मी आधी आजींना हलवून उठवते. ती झोप कार्बन डायऑक्साइडची गुंगी असू शकते. तासा-दोन तासांनी रक्तातले वायू तपासतात ते त्यासाठीच. आकडे सुधारले नाहीत तर मात्र नळी घालावी लागते.

नळी स्वरयंत्राच्या मधून श्वासनलिकेत जाते, म्हणून आवाज फुटत नाही. “आमच्याशी बोलत का न्हाईत?” याचं उत्तर तेवढंच; रुसलेले नसतात. नळीच्या टोकाचा फुगा फुगवलेला असतो, त्याचा दाब 20 ते 30 सेंटिमीटर पाण्याइतका ठेवायचा. कमी झाला तर लाळ खाली झिरपते, वाढला तर आतलं अस्तर दुखावतं.

झोपेचं औषध चालू असताना खोकणं, गिळणं, पापणी मिटणं, कूस बदलणं यातलं बरंचसं थांबतं. ते सगळं आमच्या अंगावर येतं. डोकं 30 ते 45 अंश वर, तोंड साफ, डोळ्यांत मलम, साधारण दर दोन तासांनी कूस, ओठापाशी नळीवर छापलेला सेंटिमीटरचा आकडा बदलला का, म्हणजे नळी हलली का ते बघणं. कफ लागेल तेव्हाच ओढायचा, तोही 15 सेकंदांच्या आत, कारण तेवढा वेळ त्याचा ऑक्सिजनही कमी होतो. नळी ओढू नये म्हणून कधी हात सैलसर बांधतो, त्यावरून शिव्याही खातो. सकाळी जमेल तेव्हा औषध कमी करून बघतो: डोळे उघडतात का, स्वतः श्वास घेतात का. ते जमलं की नळी काढायची तयारी.

म्हणून ‘व्हेंटिलेटर म्हणजे संपलं’ हे मला पटत नाही. रानातल्या खोपीत जमिनीवर झोपलेल्या पोराला मण्यार चावते. विषाने स्नायू लुळे पडतात, छातीचेसुद्धा. फुफ्फुसं धडधाकट असतात, फक्त श्वास ओढायला ताकद नसते. प्रतिविष देतात आणि ताकद परत येईपर्यंत काही दिवस व्हेंटिलेटर त्याच्या वाटचा श्वास घेतो. वेळेत पोचलेली अशी पोरं चालत घरी जातात.

त्यांच्याबाबतीत एक गोष्ट फार जपावी लागते. पापणी उचलत नाही, बोट हलत नाही, बघणाऱ्याला वाटतं गेलाच. पण विषाने लुळं पडलेलं पोरगं आतून जागं असू शकतं, त्याला ऐकू येत असतं. त्याच्या कॉटपाशी मी कुणाला रडू देत नाही, बिलाचं बोलू देत नाही. आईला पुढं घेते. “कानाशी बोला, मावशी. म्हशीची धार कोण काढतंय, ते सांगा त्याला.”