वॉलरस सुळ्यांनी समुद्राचा तळ खणत नाही

फॉरवर्ड: “वॉलरस आपल्या लांब सुळ्यांनी समुद्राचा तळ खणून शिंपले काढतो.”

वॉलरस म्हणजे उत्तर ध्रुवाकडच्या थंड समुद्रातला, सीलसारखा मोठा प्राणी. त्याच्याबद्दलचा हा खूप जुना समज आहे आणि एवढे मोठे सुळे बघून कोणालाही तसंच वाटेल. पण प्रत्यक्षात वॉलरस तळाशी जाऊन आपल्या ४००-७०० जाड मिशांनी चिखल चाचपतो, मग मुस्कटाने उकरतो, तोंडातून पाण्याची चूळ मारून किंवा वल्ह्यासारखा पुढचा पाय हलवून गाळ उडवतो आणि शिंपला ओठांत धरून जीभ मागे खेचून आतलं मांस शोषून घेतो, कवच तिथेच टाकून देतो.

हे तपासायचं कसं? सुळे नीट बघा. खणत असता तर टोकं झिजली असती, पण घासल्याच्या खुणा जास्त करून पुढच्या बाजूला असतात, म्हणजे तोंड खाली घालून पुढे सरकताना ते नुसते गाळात घासले जातात. दुसरं म्हणजे सुळे तुटलेले वॉलरसही चांगले खाऊन पिऊन असतात.

आणि मला सगळ्यात भारी वाटतो तो जीवाश्मांचा पुरावा, या कुळातल्या सुरुवातीच्या प्राण्यांना लांब सुळे नव्हतेच, आणि कॅलिफोर्नियात सापडलेल्या व्हॅलेनिक्टस या नामशेष वॉलरसला तर सुळे सोडून एकही दात नव्हता, तरी शोषून खाऊन पोट भरतच होतं ना!

मग सुळे कशाला? दरारा, भांडणं, आणि बर्फावर चढताना आधार. याच सुळ्यांच्या हस्तिदंतासाठी माणसाने वॉलरसची प्रचंड शिकार केली, आणि आता त्यांचा विश्रांतीचा समुद्री बर्फच कमी होतोय.