प्रोबेट मिळालं, पण घर कुणाचं?

कसबा बावड्यात कोर्टाबाहेरच्या चहाच्या टपरीवर हे हमखास ऐकू येतं: "प्रोबेट झालंय न्हवं? मग घर आपलंच!" नाही हो. प्रोबेट म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याचा कोर्टाचा दाखला. तो देताना कोर्ट एवढंच बघतं: मृत्युपत्र खरं आहे का, करणारा शुद्धीत होता का, दोन साक्षीदारांच्या सह्या रीतसर आहेत का. मिळकत वडिलार्जित की स्वकष्टार्जित, हे तिथं ठरतच नाही. वडिलांनी पन्हाळ्याकडचं वडिलार्जित सामाईक रान सगळंच धाकट्याला लिहून दिलं, तरी मृत्युपत्र खरं ठरूनही बहिणीचा हिस्सा बुडत नाही. त्यासाठी वाटपाचा दावा वेगळा. आणि गंमत म्हणजे, कोल्हापुरातल्या हिंदू माणसानं इथंच, इथल्याच मिळकतीचं केलेलं मृत्युपत्र असेल, तर प्रोबेट सक्तीचं कधी नव्हतंच. ती भानगड मुंबईची होती, तीही २०२५ पर्यंतच.