दशांश वजाबाकीतला हातचा : पार्श्वभूमी

दशांश अपूर्णांकांची वजाबाकी पूर्णांकांसारखीच करायची, चिन्हामुळे रीत बदलत नाही, हे उदाहरणासह सांगणारी एक छोटी डच पुस्तिका १५८५ मध्ये लायडनला छापली गेली. लेखक फ्लेमिश, पेशाने अभियंता. त्याने सोडवून दाखवलेले उदाहरण २३७.५७८ वजा ५९.७३९ असे आहे. आजचे दशांश चिन्ह तेव्हा नव्हते. प्रत्येक अंकाशेजारी गोलात ०, १, २ किंवा ३ लिहून तो अंक एककाचा, दशांशाचा, शतांशाचा की सहस्रांशाचा हे कळवले जाई. उदाहरण जाणूनबुजून निवडलेले दिसते. सहस्रांशात ८ तून ९ जात नाहीत, म्हणून शतांशाकडून हातचा. दशांशात ५ तून ७ जात नाहीत, म्हणून एककाकडून हातचा, म्हणजे चिन्ह ओलांडून. एककात आणि दशकात पुन्हा तेच. उत्तर १७७.८३९. चिन्हाच्या डावीकडे काय आणि उजवीकडे काय, एका घरातला एक शेजारच्या उजव्या घरात दहा होतो. चिन्ह ओलांडताना हातच्याला वेगळा नियम लागत नाही, एवढेच त्या उदाहरणातून दाखवायचे होते.

त्याच पुस्तिकेत आणखी एक सूचना आहे, आणि वर्गात तीच जास्त वेळा मोडली जाते. संख्येत एखादे स्थान नसेल तर तिथे शून्य भरून घ्यायचे. पूर्णांकांत हा प्रश्न सहसा येत नाही, कारण उजवी कड आपोआप जुळते. दशांशात उजवी कड तुटकी असते. एका संख्येला एक दशांशस्थळ, दुसरीला तीन. हातच्याची रीत जुनीच राहिली, पण तुटकी कड नवी आली.

त्याआधीचा इतिहास थोडक्यात. स्थानिक किमतीची दशमान पद्धत भारतातली. ११५० च्या सुमाराच्या एका संस्कृत ग्रंथात बेरीज-वजाबाकी स्थानानुसार, क्रमाने किंवा उलट क्रमाने करावी असे सांगितले आहे, म्हणजे दोन्ही दिशा चालत. धूळपाटीवर ते सोयीचे होते. आजच्या खुणांनी लिहायचे तर ६.२ वजा ३.४७ डावीकडून असे होईल: ६ तून ३ गेले ३. पुढे २ तून ४ जात नाहीत, म्हणून ते ३ पुसून २ करा, १२ तून ४ गेले ८. पुढे शून्यातून ७ जात नाहीत, ८ पुसून ७ करा, १० तून ७ गेले ३. उत्तर २.७३. पुसता येत असेल तर डावीकडून जाण्यात काहीच अडचण नाही. शाई-कागदावर मात्र हे जमत नाही. दहाव्या शतकात दमास्कसच्या एका गणितज्ञाने धूळपाटीऐवजी शाई-कागदावर करता येतील अशा रीती लिहून काढल्या. त्याच ग्रंथात १९ ची पाच वेळा निमपट करून ०.५९३७५ काढले आहेत, एककाच्या अंकावर खूण करून. ही ९५२ च्या आसपासची गोष्ट. १४२७ मध्ये समरकंदला दशांश अपूर्णांकांची मांडणी पद्धतशीर झाली. छापील पुस्तके आल्यावर उजवीकडून डावीकडे जाणे पक्के झाले आणि त्याबरोबर एक प्रश्नही आला: घेतलेल्या हातच्याची नोंद कुठे ठेवायची, वरच्या अंकावर की खालच्या?

हा प्रश्न किरकोळ वाटतो, पण विसाव्या शतकातला अंकगणित-शिक्षणाचा एक मोठा वाद यावरच झाला. मराठीत दोन्ही रीतींना ‘हातचा’च म्हणतात. इथे सोयीसाठी एकीला सुट्टे करण्याची रीत आणि दुसरीला परतफेडीची रीत म्हटले आहे. ४ वजा १.३६ हे एकच उदाहरण दोन्ही रीतींनी पाहू.

सुट्टे करण्याची रीत: वर ४.०० लिहा. शतांशात शून्यातून ६ जात नाहीत. शेजारी दशांशातही शून्यच. म्हणून एककापर्यंत जायचे. ४ चे ३ झाले, दशांशाला १० मिळाले. त्यातला एक मोडून दशांशात ९ राहिले आणि शतांशात १० आले. आता १० तून ६ गेले ४, ९ तून ३ गेले ६, ३ तून १ गेला २. उत्तर २.६४. पहिला अंक वजा होण्याआधी वरच्या तिन्ही घरांत खोडाखोड झाली.

परतफेडीची रीत: १० तून ६ गेले ४, हातचा १. खालचे ३ आणि हातचा १ मिळून ४. १० तून ४ गेले ६, हातचा १. खालचा १ आणि हातचा १ मिळून २. ४ तून २ गेले २. उत्तर तेच. वरच्या ओळीला हात लागला नाही. वरच्या संख्येत १० शतांश मिळवले, खालच्या संख्येत १ दशांश मिळवला. दोन्हींत ०.१० ची भर पडल्याने फरक बदलत नाही. पुढच्या घरात तेच एककाच्या मापाने, वर १० दशांश आणि खाली १ एकक.

२ वजा ०.०००३७ घेतले की फरक आणखी उघड होतो. सुट्टे करणाऱ्याला आधी २.००००० लिहावे लागते आणि मग २ चा १, पुढच्या चार शून्यांचे नऊ-नऊ आणि शेवटी दहा अशी रांग लावावी लागते. परतफेडीत रांगच नाही, प्रत्येक घराचा निकाल जागेवर लागतो. उत्तर १.९९९६३. पूर्णांकांत शून्यांची अशी माळ कधीतरी भेटते, दशांशांत ती रोजची आहे, कारण तुटकी कड भरताना शून्ये आपणच लिहितो. वादात हा मुद्दा जितका पुढे यायला हवा होता तितका आला नाही.

रीती दोन्ही जुन्या आहेत. १४७८ मध्ये उत्तर इटलीत छापलेल्या व्यापारी अंकगणितात खालच्या अंकाचा दहाचा पूरक, म्हणजे दहाला जितके कमी पडतात तितके, वरच्या अंकात मिळवून पुढच्या खालच्या अंकात एक वाढवला आहे, म्हणजे परतफेडच. ब्रिटनमध्ये विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत परतफेड सर्रास शिकवली जाई. पौंड-शिलिंग-पेन्सच्या हिशेबात ती सोयीचीही होती. पेन्समध्ये १२ घ्या आणि शिलिंगच्या खालच्या अंकात १ मिळवा, शिलिंगमध्ये २० घ्या आणि पौंडात १ मिळवा. १९१४ मध्ये लंडनच्या शाळांतील मोजणीत परतफेडीने शिकलेली मुले वेगाने आणि अचूकपणे सोडवतात असे आढळले. पुढच्या दोन-अडीच दशकांत अमेरिकेतल्या काही अभ्यासांचा कौलही त्याच बाजूने पडला.

मग पारडे फिरले कसे? १९३० नंतर अमेरिकेत अर्थ समजून शिकण्याचा आग्रह वाढला. वरचा अंक खोडून त्याच्या डोक्यावर बारीक अंक लिहिणे ही तोवर ‘कुबडी’ समजली जात होती आणि अनेक शिक्षक ती करू देत नसत. १९३९ च्या एका अभ्यासाने या कुबडीने मुलांचे नुकसान होत नाही असे दाखवले. १९४९ मध्ये तिसरीच्या मुलांवरचा मोठा प्रयोग प्रसिद्ध झाला. दोन रीती, आणि प्रत्येक रीत दोन प्रकारे शिकवलेली: एकदा कारण समजावून, एकदा नुसती पाठ करून. समजावून शिकवलेली सुट्टे करण्याची रीत पुढच्या, न शिकवलेल्या उदाहरणांत सरस ठरली. पाठ करून शिकवताना परतफेडीची रीत मागे नव्हती, पण तिचे कारण त्या वयाच्या मुलांना पटवणे अवघड गेले. प्रयोग पूर्णांकांचा होता. दशांश त्यात नव्हते. तरीही निष्कर्ष सर्व प्रकारच्या वजाबाकीला लागू धरला गेला आणि अमेरिकेत सुट्टे करण्याची रीत पक्की झाली.

१९६० नंतर लाकडी ठोकळ्यांनीही सुट्टे करण्याच्या रीतीलाच जोर दिला. एक दांडी देऊन दहा सुटे घेणे हातांनी करून दाखवता येते. परतफेड ठोकळ्यांनी दाखवणे कठीण, कारण तिथे दोन्ही ढिगांत भर घालावी लागते आणि ‘यातून एवढे काढा’ या चित्रात दुसरा ढीग नसतोच. ब्रिटनमध्येही परतफेड मागे पडली. दशांशांसाठी तेच ठोकळे नवी किंमत देऊन वापरले जातात: कालची शंभराची पाटी आज १, कालची दहाची दांडी आज ०.१, कालचा सुटा आज ०.०१. मूल आज कुठली किंमत धरते आहे हे न विचारता पुढे जाणारा शिक्षक इथे फसतो.

फ्रान्समध्ये परतफेड ही पारंपरिक रीत आहे, अलीकडे तिच्या जोडीला सुट्टे करणे आले. जर्मनीत विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पूरक बेरजेवर भर होता: ६ मध्ये किती मिळवले की १० होतील? खालून वर मोजत जायचे. १.३६ पासून १.४० पर्यंत ०.०४, तिथून २ पर्यंत ०.६०, तिथून ४ पर्यंत २. एकूण २.६४. तोंडी हिशेबाला हा मार्ग उत्तम.

परतफेडीतही खड्डे आहेत. ७.३१ वजा २.९८ मध्ये खालचे ९ आणि हातचा १ मिळून १० होतात. पुष्कळ मुले तिथे शून्य समजून चालतात. १३ तून १० गेले ३ असे म्हणता आले तरच ४.३३ येतात. दुसरा खड्डा डाव्या टोकाला: १२.३ वजा ७.८५ करताना खालच्या संख्येला दशकाचे घर रिकामे आहे, तिथे हातचा १ द्यायचा राहून गेला की ४.४५ ऐवजी १४.४५. उत्तर मूळ संख्येपेक्षा मोठे, त्यामुळे निदान लक्षात तरी येते.

सुट्टे करण्याच्या रीतीतली मोठी चूक शून्य उडी मारून ओलांडण्याची. ५.०३ वजा २.४७ मध्ये शतांशाला हातचा हवा, दशांशात शून्य, म्हणून मूल थेट ५ चे ४ करते आणि शतांशात १३ लिहिते. दशांशाचे शून्य तसेच राहते. पुढे दशांशाला पुन्हा हातचा लागतो, ४ चे ३ होतात. उत्तर १.६६ येते, खरे उत्तर २.५६. फरक नेमका ०.९ चा. एक पूर्ण एकक खर्च झाला आणि त्याबदली १० शतांशच, म्हणजे ०.१, मिळाले. वहीत उत्तर ०.९ ने कमी दिसले की चूक शोधत बसावे लागत नाही. ही चूक परतफेडीत होऊच शकत नाही, आणि तरी ती रीत ‘न समजता पाठ केलेली’ म्हणून बाद झाली, हे थोडे विचित्रच आहे.

१९७० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत संगणकाच्या मदतीने अशा चुकांची वर्गवारी झाली. मुले वाटेल तशी चुकत नाहीत, अनेकदा एक चुकीची पण ठरलेली रीत पाळतात, असे त्यातून दिसले. दशांशातल्या तुटक्या कडेच्या चुकाही अशाच ओळखता येतात. ५.२ वजा ३.४७ चे बरोबर उत्तर १.७३. वहीत १.८७ असेल तर मुलाने रिकाम्या घराखालचे ७ तसेच उतरवले. २.४५ असेल तर चिन्हाच्या दोन्ही बाजू वेगळ्या धरून ४७ तून २ वजा केले. २.९५ असेल तर संख्या उजवीकडे चिकटवून ३४७ तून ५२ वजा केले आणि चिन्ह मागाहून टाकले. तिघांनाही ‘चिन्हाखाली चिन्ह लिहा’ असे सांगून भागत नाही. पहिल्याने चिन्हाखाली चिन्ह लिहिलेच होते, त्याचे शून्य राहिले.

यंत्रांनी हा वाद आपल्या परीने सोडवला. सतराव्या शतकाच्या मध्यातल्या फ्रेंच चाकांच्या गणकयंत्रात चाके उलटी फिरत नसत, म्हणून वजाबाकी नऊच्या पूरकाने, म्हणजे प्रत्येक अंकाऐवजी नवातून तो वजा करून आलेला अंक घेऊन, बेरजेनेच केली जाई. १९७८ च्या एका १६ बिटी प्रोसेसरमध्ये दशमान अंकांच्या वजाबाकीसाठी स्वतंत्र सूचना होती, आणि तिचे कारण हातचाच आहे. प्रत्येक दशमान अंक चार बिटांत, म्हणजे ० किंवा १ च्या चार घरांत, ठेवलेला, पण चार बिटांच्या घराला हातचा मिळतो तो १६ चा. ४२ वजा १७ मध्ये एककात १८ तून ७ गेले ११ उरतात. ती सूचना त्यातून जादाचे ६ काढते, ५ राहतात, दशकात २, उत्तर २५. ‘हातचा घेतला’ ही नोंद ठेवायची कशी यावर प्रोसेसरांतही दोन तट आहेत. काहींत हातचा घेतला की खुणेचा बिट १ होतो, काहींत ० होतो.

बहुतेक संगणकी भाषांत ०.३ वजा ०.१ चे उत्तर ०.१९९९९९९९९९९९९९९९८ येते, त्याचा हातच्याशी संबंध नाही. ०.१ आणि ०.३ द्विमान पद्धतीत नेमके लिहिताच येत नाहीत, त्यामुळे वजाबाकी सुरू होण्याआधीच संख्या किंचित बदललेली असते. पैशांच्या हिशेबात हे चालत नसल्याने २००८ मध्ये संगणकात अपूर्णांक साठवण्याच्या (तरत्या चिन्हाच्या) आंतरराष्ट्रीय मानकात दशमान स्वरूपांची भर घातली गेली. त्यात ०.३ वजा ०.१ नेमके ०.२ येतात.