भूतभाषेपासून किलिकीपर्यंत : कल्पित जगांच्या भाषांची पार्श्वभूमी

अद्भुतकथेतील माणसांना, राक्षसांना किंवा परग्रहावरील जिवांना स्वतःची, व्याकरणासह रचलेली भाषा द्यावी, ही कल्पना आता चांगलीच रुळली आहे. मोठ्या खर्चाच्या चित्रपटासाठी किंवा मालिकेसाठी भाषा घडवून देणारे अभ्यासक आज वेगळे नेमले जातात, आणि त्यांनी रचलेल्या भाषा हौसेने शिकणारे लोकही जगभर आहेत. या प्रकाराचा इतिहास बहुधा विसाव्या शतकातील इंग्लंडपासून सांगितला जातो. मराठवाड्यातील वाचकाने मात्र तो पैठणपासून वाचायला घ्यावा, असे मला मनापासून वाटते. यात गावाच्या अभिमानापेक्षा अधिक काही आहे. अशी भाषा खरी कशामुळे वाटते, या प्रश्नाचे एक उत्तर पैठणच्या कथेतून पुढे आलेल्या भाषाविचारात सापडते.

अकराव्या शतकात काश्मीरमध्ये सोमदेवाने रचलेल्या ‘कथासरित्सागरा’त ही कथा येते. पैठणचा सातवाहन राजा राण्यांसह जलक्रीडा करत असताना एक राणी त्याला ‘मोदकैः’ मारू नकोस असे विनवते. तिला ‘मा उदकैः’, म्हणजे पाणी उडवू नकोस, एवढेच सांगायचे असते. पण संधी न कळल्यामुळे राजा खरोखरचे मोदक मागवतो आणि राणी हसते. ओशाळलेल्या राजाला संस्कृत शिकायचे असते. त्याच्या दरबारातील गुणाढ्य पंडित सहा वर्षांचा अवधी मागतो, तर शर्ववर्मा तेच काम सहा महिन्यांत करून दाखवतो म्हणतो. तसे झाले तर संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा या तिन्ही मी सोडीन, अशी प्रतिज्ञा गुणाढ्य करतो आणि पैजेत हरतो. बोलायला भाषाच न उरलेला हा पंडित मौन धरून विंध्याच्या अरण्यात जातो, तेथे पिशाचांची भाषा शिकतो आणि सात वर्षांत सात लाख श्लोकांची ‘बृहत्कथा’ लिहितो. अरण्यात शाई नसल्याने तो स्वतःच्या रक्ताने लिहितो. पिशाचभाषेतील आणि रक्ताने लिहिलेला ग्रंथ म्हणून राजा तो नाकारतो. तेव्हा गुणाढ्य एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवत अग्नीत टाकू लागतो, आणि राजाला चूक उमगेपर्यंत एक लाख श्लोक तेवढे उरतात.

मूळ ‘बृहत्कथा’ आज उपलब्ध नाही. तिची संस्कृत आणि प्राकृत रूपांतरे आहेत, आणि दंडीने ‘काव्यादर्शा’त केलेला ‘भूतभाषामयीं प्राहुरद्भुतार्थां बृहत्कथाम्’ हा उल्लेख आहे. अद्भुत आशय आणि भूतांची भाषा यांची जोडी या एका ओळीत पक्की बांधलेली आहे. आपल्याकडे पात्रानुसार भाषा बदलण्याची रीत जुनीच होती. संस्कृत नाटकात राजा संस्कृत बोलतो, स्त्रिया शौरसेनी बोलतात आणि पद्य बहुधा महाराष्ट्री प्राकृतात गातात. तरीही मनुष्येतरांसाठी एक वेगळी भाषा मानणे ही त्यापुढची पायरी होती.

ही पिशाचभाषा, म्हणजेच पैशाची, कोणा प्रदेशाची प्रत्यक्ष बोली होती की ग्रंथांतच वावरणारी भाषा, यावर अभ्यासकांचे एकमत नाही, त्यामुळे ती कोणी रचली असे म्हणता येणार नाही. पण वैयाकरणांनी तिचे वर्णन ज्या पद्धतीने केले, ती पद्धत या विषयाच्या मुळाशी जाते. बाराव्या शतकात गुजरातमध्ये हेमचंद्राने तिचे नियम सांगितले. पैशाचीत ‘द’चा ‘त’ होतो, म्हणून ‘मदन’ ‘मतन’ होतो आणि ‘दामोदर’ ‘तामोतर’ होतो. तिच्याच चूलिका नावाच्या प्रकारात वर्गातील तिसरे व्यंजन पहिल्याकडे आणि चौथे दुसऱ्याकडे सरकते. तेथे ‘नगर’चे ‘नकर’, ‘राजा’चे ‘राचा’ आणि ‘मेघ’चे ‘मेख’ असे रूप होते. एक छोटेसे सूत्र लावले की सारी शब्दसंपदा एकाच दिशेने हलते. ऐकणाऱ्याला ती भाषा अनोळखी वाटते, पण तोंडाला येतील तसे आवाज जुळवले आहेत असे वाटत नाही.

येथे भाषा आणि सांकेतिक बोलणे यांतील फरक ध्यानात घ्यायला हवा. आपल्याकडे मुले ‘च’ची भाषा बोलतात. शब्दाचे पहिले अक्षर शेवटी टाकायचे आणि आरंभी ‘च’ लावायचा, की ‘पाणी’चे ‘चणीपा’ होते. वाक्यरचना मात्र मराठीच राहते. महानुभावांच्या सकळ, सुंदर इत्यादी लिप्यांनी ग्रंथ शतकानुशतके परक्यांच्या नजरेआड ठेवले, आणि इतिहासाचार्य राजवाड्यांनी त्यांचा उलगडा केला तेव्हा आत निर्मळ जुनी मराठी निघाली.

इंग्रज कादंबरीकार आणि भाषाभ्यासक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांची सुरुवातही अशाच संकेतभाषेने झाली. त्यांच्या मावस भावंडांत प्राण्यांच्या नावांची एक भाषा चालत असे आणि तिच्यात ‘चाळीस’ म्हणजे गाढव. तेथून स्वतंत्र भाषेपर्यंतचा त्यांचा प्रवास समजण्यासाठी मध्ये कलकत्त्याला थांबावे लागते. विल्यम जोन्स यांनी १७८६ मध्ये तेथील एशियाटिक सोसायटीत संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन यांचे मूळ एक असावे असे प्रतिपादन केले. या तुलनेतून जे भाषाशास्त्र युरोपात वाढले, त्याने १८२२ मध्ये जर्मन भाषांतील व्यंजनबदलाचा प्रसिद्ध नियम मांडला. टॉल्किन याच परंपरेत शिकले आणि १९२५ पासून ऑक्सफर्डला प्राध्यापक होते. जुन्या भाषा मागे जाऊन उलगडण्याचे जे तंत्र त्यांना शिकवले गेले, तेच त्यांनी पुढे जाऊन नव्या भाषा घडवण्यासाठी वापरले, आणि माझ्या मते या साऱ्या इतिहासातील खरे वळण तेच आहे.

त्यांनी एकच नव्हे तर एका मूळ भाषेपासून फुटलेल्या अनेक भाषा रचल्या. फिनिशच्या नादावर बेतलेल्या क्वेन्यात पित्याला ‘अतार’ म्हणतात आणि वेल्शच्या वळणाच्या सिंदारिनमध्ये ‘अदार’, कारण तेथे दोन स्वरांमधील ‘त’ मृदू होतो. पैशाचीतला बदल नेमका याच्या उलट दिशेचा आहे. दोन्हींचा काही ऐतिहासिक संबंध नाही, पण विचाराची जात एकच आहे. त्यांची तेंगवार लिपीही उच्चारस्थानानुसार लावलेली आहे. कवर्ग, चवर्ग घोकलेल्या मराठी वाचकाला तिचा तक्ता सहज समजेल. कथा भाषांसाठी रचल्या, भाषा कथांसाठी नव्हे, असे टॉल्किन स्वतः सांगत. १९५४–५५ मध्ये त्यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही महाकादंबरी तीन भागांत निघाली, तेव्हा या भाषांवर त्यांनी जवळपास चार दशके काम केलेले होते.

पुढच्या पिढीला एवढी सवड नव्हती. चित्रीकरणाची तारीख ठरलेली असे. मार्क ओक्रँड यांनी १९८४ च्या ‘स्टार ट्रेक’ चित्रपटातील परग्रहवासीयांसाठी क्लिंगॉन भाषा बांधली आणि १९८५ मध्ये तिचा शब्दकोश निघाला. ती मानवी वाटू नये म्हणून त्यांनी वाक्यात आधी कर्म, मग क्रियापद आणि शेवटी कर्ता असा जगात अतिशय विरळ क्रम घेतला. इंग्रजी कानाला परके वाटावेत म्हणून तिच्यात घेतलेल्या आवाजांत ‘ड’ आणि ‘ष’ यांसारखे मूर्धन्य आवाज आहेत. आपल्याकडे ‘ड’ तर भाकरीइतका रोजचा. परकेपणा ऐकणाऱ्याच्या कानावर ठरतो, हे यावरून दिसते.

‘अवतार’ (२००९) चित्रपटातील परग्रहवासी नावींसाठी पॉल फ्रोमर यांनी रचलेल्या भाषेत काळ आणि अवस्था दाखवणारे प्रत्यय क्रियापदाच्या पोटात शिरतात. ‘तारोन’ म्हणजे शिकार करणे, तर ‘तोलारोन’ म्हणजे शिकार केली. नावींना हाताला चारच बोटे असल्यामुळे त्यांची गणना आठाच्या पटीत चालते. डेव्हिड पीटरसन यांनी कादंबरीतील थोड्याशा शब्दांवरून २०११ च्या ‘गेम ऑफ थ्रोन्स’ मालिकेसाठी डोथ्राकी भाषा उभी केली.

भारतात हे काम ठळकपणे झाले ते ‘बाहुबली’च्या (२०१५) निमित्ताने. तमिळ गीतकार मदन कार्की यांनी चित्रपटातील कालकेय टोळीसाठी सुमारे ७५० शब्दांची आणि ४० नियमांची किलिकी रचली. तिच्यात ‘मिन’ म्हणजे मी आणि ‘निम’ म्हणजे तू, म्हणजे अर्थ उलटला की ध्वनीही उलटतो. टाळूवर जीभ आपटून काढलेले आवाज प्रेक्षकांच्या लक्षात राहिले, पण तिचा जीव अशा नियमांत आहे.

मराठीत असे काम करू पाहणाऱ्याला सामग्री शोधायला लांब जावे लागणार नाही. प्रमाण मराठीतील ‘करतो आहे’ मराठवाड्यात ‘करायलो’ होते, लातूरकडे ‘करलालो’ ऐकू येते, आणि जी वाट ‘कर’ने धरली तीच ‘बस’, ‘बोल’ आणि ‘जा’ हे धातूही धरतात. या रूपांचा नीट तक्ता मांडून, हेमचंद्राने केले तसे त्याचे सूत्र शोधले आणि ते दोन पिढ्या पुढे चालवून पाहिले, तर एखाद्या कल्पित राज्याच्या बोलीचे पहिले पान त्यातूनच लिहिता येईल.