टोकियोत गाडी करायची की माणूस घ्यायचा?

मावशीचा सांगलीहून फोन आला तेव्हा तिचं सगळं ठरलेलं होतं. “अरे, एप्रिलात येतोय आम्ही दोघं. टोकियोत चार दिवस. तू उगाच रजा घालवू नकोस, फक्त एक गाडी करून दे. प्रायव्हेट. आम्ही म्हणू तिथं थांबणारी.”

मी हो म्हणालो आणि फोन ठेवल्यावर विचारात पडलो. ‘गाडी करणे’ हा आपला शब्दप्रयोग फार भरगच्च आहे. अष्टविनायकाला गाडी केली म्हणजे नुसतं वाहन घेतलं असं नसतं. ड्रायव्हरला देवळाच्या वेळा ठाऊक असतात, मिसळ कुठे बरी मिळते ते ठाऊक असतं, रांग मोठी असली तर किती वेळ लागेल तेही तोच सांगतो, आणि वर फोटो काढून देतो. वाहन, चालक आणि वाटाड्या असं सगळं एकाच माणसात. टोकियोत ही कामं वेगवेगळ्या माणसांची आहेत, आणि गोंधळ इथूनच सुरू होतो. इंटरनेटवर ‘टोकियो प्रायव्हेट टूर’ शोधलंत की दोन अगदी निराळ्या गोष्टी एकाच नावाने समोर येतात. दोन्हींच्या जाहिरातीत असाकुसाच्या कामिनारिमोन दरवाज्याचा तोच लाल कंदील, दोन्हींत ‘तुमच्या आवडीप्रमाणे आखून देऊ’ हे आश्वासन. एकीत तुम्ही माणूस घेत असता, दुसरीत गाडी.

माणूस म्हणजे गाईड. तो सकाळी हॉटेलच्या लॉबीत येऊन भेटतो आणि दिवसभर तुमच्याबरोबर मेट्रोने, लोकलने, पायी फिरतो. जपानमध्ये या कामाची सरकारी परीक्षा आहे. परदेशी भाषा, देशाचा भूगोल, इतिहास, चालू घडामोडी असं सगळं विचारतात. मूळ कायदा १९४९ चा. परवान्याशिवाय पैसे घेऊन परदेशी पाहुण्यांना त्यांच्या भाषेत फिरवणं २०१८ च्या जानेवारीपर्यंत बेकायदा होतं. त्यानंतर दार उघडलं. आता हे काम कोणीही करू शकतो, फक्त परवाना नसताना स्वतःला परवानाधारक म्हणवून घेता येत नाही. बिनपरवान्याचे सगळेच वाईट, असं मी म्हणणार नाही. मी भेटलेल्यांत काही उत्तम निघाले. पण एक गंमत लक्षात ठेवा. ही परीक्षा दहा भाषांत होते. त्यांत इंग्रजी आहे, कोरियन आहे, थाईसुद्धा आहे, पण हिंदी नाही, मराठी तर दूरच. तेव्हा कोणी ‘हिंदी बोलणारा सरकारमान्य गाईड’ म्हणाला तर परवाना कुठल्या भाषेचा, एवढं विचारून घ्यावं. हिंदी त्याला खरंच छान येत असेल, पण सरकारने तपासलेली ती नव्हे.

गाडी म्हणजे बहुधा टोयोटाची अल्फार्ड किंवा हायएस, आणि सोबत ड्रायव्हर. पांढरे हातमोजे, दार आपोआप सरकणार, आत थंडगार. प्रवासी नेण्यासाठी लागणारा वेगळा, वरच्या वर्गाचा वाहन परवाना त्याच्याकडे असतो. त्याचं काम तुम्हाला नीट उतरवणं आणि ठरल्या वेळी नीट परत घेणं. देवळात तो तुमच्याबरोबर येत नाही. तो आडमुठा असतो म्हणून नव्हे. मध्य टोकियोत गाडी रस्त्याच्या कडेला सोडून जाणं म्हणजे दंडाला आमंत्रण. जून २००६ पासून तिथे पोलिसांखेरीज खास नेमलेले पार्किंगचे पहारेकरी फिरतात, आणि चालक जागेवर नसला की गाडीची नोंद करून काचेवर चिठ्ठी चिकटवून मोकळे होतात. पैसे टाकून गाडी लावायच्या छोट्या जागा गल्लोगल्ली आहेत खऱ्या, पण त्यात चार-सहाच गाड्या मावतात. इमारतींमधल्या यांत्रिक पार्किंगच्या अनेक मनोऱ्यांत उंचीची मर्यादा १.५५ मीटर असते, आणि अल्फार्ड जवळजवळ दोन मीटर उंच. म्हणून तुम्ही असाकुसाच्या सेन्सोजी देवळात उदबत्तीचा धूर डोक्यावरून फिरवत असता तेव्हा तुमचा ड्रायव्हर कुठेतरी जागा शोधत असतो.

‘ड्रायव्हर-गाईड’ नावाचा एक प्रकारही विकला जातो. एकच माणूस गाडी चालवतो आणि माहितीही सांगतो. टोकियोबाहेर हाकोन्याच्या घाटात हे जमतं, कारण तिथे मोठमोठी पार्किंग आहेत. शहरात मात्र त्याची माहिती खिडकीतून मिळते: डावीकडे सम्राटांचा वाडा, उजवीकडे टोकियो टॉवर, ३३३ मीटर, १९५८. मग तुम्ही उतरता आणि नेमकं जिथे प्रश्न पडतात तिथे एकटे असता.

मला वाटतं आपल्याकडची माणसं फसतात ती पैशात नाही, कल्पनेत. गाडी म्हणजे वरचा दर्जा आणि पायी गाईड म्हणजे काटकसर, असं आपण गृहीत धरतो. टोकियोत हा उतरंडीचा हिशेब लागू पडत नाही. यामानोते नावाची वर्तुळाकार लोकल ३४.५ किलोमीटरची आहे, ३० स्टेशनं, तासाभरात पूर्ण फेरी. पहिल्यांदा येणाऱ्याला जे बघायचं असतं त्यातलं बरंचसं त्या वर्तुळावर किंवा त्याच्या आसपास आहे. असाकुसाहून शिबुयाला जायचं तर गिन्झा लाइन ही मेट्रो या टोकापासून त्या टोकापर्यंत थेट जाते, साधारण पस्तीस मिनिटांत. रस्त्याने किती वेळ लागेल ते त्या दिवशीच्या सिग्नलांवर. आणि पोहोचल्यावर चालायचं ते चालायचंच. सेन्सोजीसमोरची नाकामिसे ही दुकानांची ओळ सुमारे अडीचशे मीटर आहे, तिथे दिवसा गाडी शिरत नाही. त्सुकिजीच्या बाहेरच्या बाजारात गल्ल्या एवढ्या अरुंद की दोन माणसं खांदे तिरके करून एकमेकांना जागा देतात. आणि शिबुयाचा तो प्रसिद्ध चौक गाडीतून बघणं म्हणजे पंढरपुरात जाऊन वारी हॉटेलच्या गच्चीवरून बघणं.

आता ‘तुमच्या आवडीप्रमाणे’ या शब्दांकडे येऊ, कारण दोघंही तेच वचन देतात आणि दोघांचा अर्थ वेगळा असतो.

गाईडच्या बाबतीत बदलता येतो तो दिवसाचा मजकूर. पाऊस आला, तो तुम्हाला उएनोच्या संग्रहालयात नेईल. पाय दुखले, तर शांत चहाच्या दुकानात बसवेल. शाकाहारी असाल तर खरा उपयोग तिथेच. नुसतं ‘मांस नको’ म्हणून भागत नाही. सोबा नूडल्सच्या साध्या दिसणाऱ्या रश्शातही दाशी असते, म्हणजे बहुधा वाळवलेल्या माशाचा अर्क. चांगला गाईड आदल्या दिवशी दुकानात फोन करून विचारून ठेवतो. हे काम ड्रायव्हरच्या करारात नसतं.

गाडीच्या बाबतीत बदलता येतो तो रस्ता, आणि तोही ठरलेल्या तासांत आणि ठरलेल्या टापूत. अमुक तासांच्या पुढे गेलात की जादा दर सुरू. ‘हायर’च्या, म्हणजे ड्रायव्हरसकट आधी ठरवून घ्यायच्या गाड्यांचं मीटर बरेचदा त्यांच्या गॅरेजमधून निघाल्यापासून परत पोहोचेपर्यंत धरतात, तुम्ही बसल्यापासून उतरेपर्यंत नव्हे. द्रुतगती मार्गाचा टोल आणि पार्किंग दरात धरलंय की वेगळं, हे बुकिंगच्या आधीच लेखी घ्यावं. गाईडकडेही असा एक लपलेला खर्च असतो. त्याचं तिकीट, प्रवेश फी आणि बरोबर जेवलात तर त्याचं जेवण सहसा तुमच्याकडे. हे इथे सर्रास चालतं, त्यात कोणी लुबाडत नाही. टिप मात्र कोणीच मागत नाही. द्यायला गेलात तर समोरचा संकोचतो.

काही गोष्टी दोघांच्याही हातात नाहीत. राजवाड्याची पूर्व बाग सोमवारी आणि शुक्रवारी बंद असते. शिबुया स्काय या उंच इमारतीवरच्या गच्चीच्या संध्याकाळच्या वेळा कित्येक दिवस आधीच संपलेल्या असतात. गाडी कितीही भारी असली तरी तिकीट हवंच.

गाडी घ्यायची ठरली तर नंबरप्लेट बघा. आपल्या डोळ्यांना इथे चकवा बसतो. भारतात हिरवी पाटी म्हणजे विजेवरची गाडी. जपानमध्ये हिरव्या पाटीवर पांढरे अंक म्हणजे भाड्याने प्रवासी नेण्याचा परवाना असलेली गाडी. पांढरी पाटी खासगी. पाटीवर चित्रं असण्याची फॅशन आलीय, पण व्यावसायिक गाडीच्या अशा पाटीला हिरवी कड असते. विमानतळावर तुम्हाला घ्यायला चकचकीत पांढऱ्या पाटीची अल्फार्ड आली तर ते बहुधा ‘शिरोताकु’, म्हणजे ‘पांढरी टॅक्सी’, बेकायदा भाडं. २०२४ पासून टॅक्सी कंपन्यांच्या देखरेखीखाली काही खासगी गाड्यांना मुभा मिळाली आहे, पण इंटरनेटवर चॅट करून ठरवलेली दिवसभराची सहल त्यात बसत नाही. माझ्या ओळखीचं एक कुटुंब असंच स्वस्तात फिरलं. काही झालं नाही. पण अपघात झाला असता तर विम्याने हात वर करण्याची शक्यता होती, हे त्यांना परत गेल्यावर कळलं.

एवढं वाचून मी गाडीच्या विरोधात आहे असं वाटेल. नाही. हाकोने, कावागुचीको, निक्को अशी शहराबाहेरची वाट धरली की पारडं फिरतं. फुजीभोवतालची ठिकाणं विखुरलेली, बसेस वेळापत्रकाच्या, आणि फुजी ढगात गेला तर दुसऱ्या तळ्यावर जाऊन बघू म्हणायची सोय गाडीतच. तीन पिढ्या बरोबर असतील, चार मोठ्या बॅगा असतील, कोणाचा गुडघा खरोखर दुखत असेल, तरी गाडीच. टोकियोच्या स्टेशनांत लिफ्ट असतात हो, पण शिंजुकूला दोनशेच्या वर बाहेर पडायच्या वाटा आहेत आणि लिफ्ट नेमकी नको त्या वाटेला. क्योतोचं गणितही वेगळं. तिथे भुयारी रेल्वेच्या दोनच लाइन, देवळं चारी दिशांना, बसला खच्चून गर्दी. तिथे मी पाहुण्यांना बेलाशक गाडी सुचवतो.

टोकियोत मात्र मला तिसरा मार्ग आवडतो, जो कोणी जाहिरातीत लिहीत नाही. गाईड घ्या आणि थकलात की रस्त्यावरची टॅक्सी थांबवा. नोव्हेंबर २०२२ च्या दरवाढीनंतर पहिल्या १.०९६ किलोमीटरला ५०० येन झाले. चार माणसं सहज बसतात, पाटी हिरवी असते, आणि पार्किंगची काळजी कोणालाच नाही. दिवसातून दोनदा टॅक्सी केली तरी दिवसभर दाराशी उभ्या गाडीपेक्षा ते पुष्कळ स्वस्त पडतं.

मावशीला हे सगळं फोनवर सांगितलं. ती ऐकून घेऊन म्हणाली, “म्हणजे पायी फिरवणार म्हण की आम्हाला.” मग काका फोनवर आले. त्यांना रेन्कोजी बघायचं होतं, सुगिनामी भागातलं ते छोटं बौद्ध मंदिर, जिथे नेताजींच्या म्हणून मानल्या गेलेल्या अस्थी १९४५ पासून जपून ठेवल्या आहेत. वाजपेयी तिथे गेले होते हे त्यांना पक्कं आठवत होतं. ठिकाण राहत्या वस्तीतल्या गल्लीत आहे. मी म्हटलं, काका, मारुनोउची लाइनने हिगाशी-कोएंजीला उतरून चालत जाऊ, तिथे मी येतो तुमच्याबरोबर.

शेवटी असं ठरलं: तिसऱ्या दिवशी हाकोन्याला हिरव्या पाटीची गाडी, आणि पहिल्या दिवशी सहा तास एक बाई गाईड, परवानाधारक, इंग्रजीच्या. त्यांनी आधी मेलवर विचारलं, पाहुण्यांना कशात रस आहे? मी लिहिलं, देवदेव. त्यांनी दिवसच वेगळा आखला. सकाळी उएनोच्या शिनोबाझु तळ्यातलं बेन्तेनचं देऊळ. बेन्तेन म्हणजे आपली सरस्वती, बऱ्याच चित्रांत तिच्या हातात बिवा नावाचं तंतुवाद्य असतं. तिथून गिन्झा लाइनने असाकुसा. १९२७ साली आशियातली पहिली भुयारी रेल्वे याच तुकड्यावर सुरू झाली, हे त्यांनी प्लॅटफॉर्मवर सांगितलं. सेन्सोजी झाल्यावर बहुतेक जण स्कायट्री या उंच मनोऱ्याकडे वळतात. या बाईंनी दोघांना सुमिदा नदीच्या बाजूला दहा मिनिटं चालवत मात्सुचियामा शोदेनला नेलं. तिथला देव कांगितेन, म्हणजे आपला गणपती, बौद्ध धर्माबरोबर प्रवास करत इथवर आलेला. मूर्ती कोणालाही दाखवत नाहीत. देवळात जिकडेतिकडे कोरलेले मुळे आणि पैशांच्या थैल्या. नैवेद्याला मोदक नाही, पांढरा मुळा. टेकडी चढायला एक छोटी उतारगाडी आहे, तिच्यामुळे काकांचा गुडघाही खूश.

वाहिलेले मुळे उरले तर ते येणाऱ्यांना प्रसाद म्हणून देतात. मावशीला एक मिळाला, हातभर लांब. तो घेऊन ती मेट्रोने निशी-कसाईला आमच्या घरी आली, समोर बसलेली शाळकरी मुलं टक लावून बघत होती म्हणाली. रात्री आम्ही त्याची दही घालून कोशिंबीर केली. पानंही तिने टाकू दिली नाहीत.