ताकादा, मिदोरी

ताकादा, मिदोरी : (१९५१– ). जपानी तालवादक व संगीतरचनाकार. तोक्योच्या कला विद्यापीठात पाश्चात्त्य तालवाद्यांचे रीतसर शिक्षण घेऊन १९७८ मध्ये त्यांनी बर्लिनच्या रियास सिंफनी वाद्यवृंदाबरोबर वादन केले. वाद्यवृंदात मात्र त्यांचे मन रमले नाही. आफ्रिकी आणि आशियाई तालपरंपरांकडे त्या वळल्या. घानाचे झायलोफोनवादक (झायलोफोन म्हणजे दांडीने वाजवायच्या लाकडी पट्ट्यांचे वाद्य) काक्राबा लोबी यांच्यासारख्या कलावंतांबरोबर त्यांनी पुढे कामही केले.

१९८१ मध्ये त्यांच्या ‘मक्वाजू एन्सांबल’ या गटाचे दोन अल्बम निघाले. निर्माता होते जो हिसाइशी, जे पुढे जिब्ली या जपानी स्टुडिओच्या सचेतनपटांच्या संगीतामुळे जगभर नावाजले. या संगीतात मारिंबा या झायलोफोनसारख्या मोठ्या वाद्यावरच्या छोट्या सुरावटी एकमेकींत गुंतत जातात. आवर्तन तेच राहते, पण कान दर वेळी वेगळ्या ठिकाणी जाऊन थांबतो.

‘थ्रू द लुकिंग ग्लास’ (१९८३) हा एकल अल्बम दोन दिवसांत ध्वनिमुद्रित झाला. मारिंबा, घंटा, गाँग, रीड ऑर्गन, ओकारिना (फुंकून वाजवायचे छोटे मातीचे वाद्य), एवढेच काय, कोका-कोलाची बाटलीसुद्धा ताकादा यांनी स्वतः वाजवली आणि एकावर एक थर चढवले. चारच रचना. पहिली आँरी रूसो या चित्रकाराच्या नावाची, संथ आणि पाखरांच्या आवाजांनी भरलेली. शेवटची ‘कॅटॅस्ट्रॉफी सिग्मा’ हळूहळू वेग घेत कडेलोटापर्यंत जाते. या अल्बमला सरसकट ‘अँबियंट’, म्हणजे वातावरणनिर्मिती करणारे संथ संगीत, म्हणणारे ही शेवटची रचना बहुधा विसरतात.

त्या काळी तो फारसा खपला नाही. ताकादा रंगभूमीकडे वळल्या. दिग्दर्शक तादाशी सुझुकी यांच्या ‘इलेक्ट्रा’त त्या मंचावरच तालवादन करीत. पियानोवादक मासाहिको सातो यांच्याबरोबरचा ‘लूनार क्रूझ’ १९९० मधला.

२०१० नंतरच्या दशकात यूट्यूबच्या शिफारशींमुळे १९८३ चा अल्बम अचानक लाखो श्रोत्यांपर्यंत पोहोचला. जुन्या प्रतींच्या किमती चढल्या आणि २०१७ मध्ये त्याची नवी आवृत्ती निघाली. साठी ओलांडलेल्या ताकादा यांचे युरोप-अमेरिकेत दौरे सुरू झाले. मधली तीन दशके त्यांना ‘विस्मृतीत गेलेल्या’ ठरवणे योग्य नव्हे, कारण या काळातही त्या सतत वाजवत होत्या. २०२२ मध्ये त्यांनी झिंबाब्वेच्या शोना लोकांची म्बिरा या अंगठ्यांनी छेडायच्या धातूपट्ट्यांच्या वाद्याची एक पारंपरिक रचना मारिंबावर नव्याने मांडली, तसेच जपानमधील शिंगोन पंथाच्या बौद्ध भिक्षूंच्या स्तोत्रपठणासह एक अल्बमही केला.