कारायान कॅमेऱ्यामागे का गेले?

पाश्चात्त्य वाद्यवृंदाच्या मैफलीत श्रोत्यांना कंडक्टरची, म्हणजे वाद्यवृंदाचं संचालन करणाऱ्याची, पाठच दिसते. त्याचा चेहरा, नजरेचे इशारे हे सगळं वादकांच्या वाट्याला येतं. ही उणीव सिनेमानं फार लवकर हेरली. बर्लिन फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाचे कंडक्टर आर्थर निकिश यांना १९१३ मध्येच जर्मन चित्रपटनिर्माते ऑस्कर मेस्टर यांनी मूकपटात टिपलं, आणि तेही समोरून. सूर एकही नाही, तरी त्या हातांची जरब आजही जाणवते. पुढे कंडक्टर लिओपोल्ड स्टोकोव्स्की १९४० च्या ‘फँटेशिया’ या डिस्नेच्या संगीतमय अ‍ॅनिमेशनपटात झळकले, पण कॅमेऱ्याची सूत्रं डिस्नेकडेच होती.

ती सूत्रं स्वतःच्या हाती घेतली ऑस्ट्रियन कंडक्टर हर्बर्ट फॉन कारायान यांनी. १९६५ मध्ये थरारपटांसाठी गाजलेले फ्रेंच दिग्दर्शक आंरी-जॉर्ज क्लूझो त्यांच्यासोबत आले. व्हिएन्नात संगीतकार शूमानच्या चौथ्या सिंफनीचं (वाद्यवृंदासाठीच्या मोठ्या रचनेचं) चित्रीकरण झालं, त्यात तालीमही आहे. कारायान वादकांना मध्येच थांबवतात, एखादी जागा समजावतात, पुन्हा वाजवून घेतात. मला हा भाग सादरीकरणापेक्षाही मोलाचा वाटतो, कारण एरवी बंद दाराआड राहणारं काम इथे उघड दिसतं. १९६७ मध्ये क्लूझो यांनीच मिलानच्या ला स्काला नाट्यगृहात संगीतकार व्हर्दीचं ‘रेक्विएम’ हे मृतांसाठीच्या प्रार्थनेचं संगीत चित्रित केलं.

नंतर आले जर्मन दिग्दर्शक ह्यूगो निबेलिंग. बेथोव्हनच्या तिसऱ्या सिंफनीसाठी त्यांनी वादकांना उंच, त्रिकोणी मंचांवर बसवलं. पण निबेलिंग यांची दृष्टी आणि कारायान यांची दृष्टी जुळेना. शेवटी कारायान यांनी संकलनात स्वतः हात घातला. दिग्दर्शन तर त्यांनी त्याआधीच सुरू केलं होतं. १९६७ चा ‘कार्मेन’ हा ऑपेरापट त्यांचाच.

कामाची पद्धतही सिनेमाचीच होती. अनेकदा ध्वनिमुद्रण आधी व्हायचं आणि मग त्या आवाजावर वादक कॅमेऱ्यासमोर वाजवायचे. त्यामुळे प्रकाश, कोन, धनुकल्यांची रांग हे सगळं मनासारखं जुळवता येई. वादकांचे चेहरे हरवतात आणि पडदाभर कारायानच दिसतात, हा आक्षेप तेव्हापासूनचा आहे आणि तो खराच आहे. तरीही त्यांच्या चित्रपटांत बासरीचा सूर उमटताना कॅमेरा नेमका तिथे पोचलेला असतो. कोणता आवाज पुढे आणायचा आणि कोणता मागे ठेवायचा हे ठरवणं कंडक्टरचं रोजचंच काम; संकलनाच्या टेबलावर त्यांनी तेच चित्रांबाबत केलं.

१९८२ मध्ये त्यांनी टेलेमोंडियाल ही स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि बेथोव्हनच्या सिंफनींसह आपल्या आवडीच्या रचना घरगुती व्हिडिओसाठी नव्यानं चित्रित करायला घेतल्या. १६ जुलै १९८९ रोजी ऑस्ट्रियातल्या साल्झबुर्गजवळच्या आनिफच्या घरी त्यांचं निधन झालं, तेव्हा सोनी कंपनीचे प्रमुख नोरिओ ओगा त्यांच्याजवळ होते. हा चित्रपटसंग्रह पुढे सोनीनंच बाजारात आणला.